हरायला लागल्यावर आधी कोच काढू नका



परवा वर्तकनगर नाक्यावर चहा घेत उभा होतो. एक ओळखीचे दादा आले. त्यांचं मोबाइल रिपेअरिंगचं छोटं दुकान आहे, चार वर्षं झाली. चेहरा उतरलेला. म्हणाले, "सर, तीन महिने झाले, धंदा बसलाय. सोमवारी त्या पोराला काढतोय. दुसरा कारागीर बघून ठेवलाय."

मी विचारलं, "पोराने काय केलं?"

"केलं काहीच नाही. पण गल्ल्यात पैसे दिसत नाहीत ना. काहीतरी बदलायला हवं."

हे "काहीतरी बदलायला हवं" मला चांगलंच ओळखीचं आहे. याच वाक्याने माझा एक धंदा बुडवलाय. ती गोष्ट पुढे सांगतोच. व्हिडिओत या विषयाला दहा मिनिटं मिळाली आणि अर्धं बोलायचं राहून गेलं, म्हणून आज सविस्तर लिहितोय. आणि सुरुवात करतोय एका बास्केटबॉलच्या संघापासून. थांबा, पान बंद करू नका! बास्केटबॉल कळत नसलं तरी चालेल. धंदा कळतो ना? मग हेही कळेल.

जुहूचा मुलगा आणि हरणारा संघ

विवेक रणदिवे हे नाव तुमच्यापैकी काहींनी ऐकलं असेल. आडनाव आपल्याकडचं, जन्म मुंबईचा, लहानपण जुहूला. शिकायला अमेरिकेत एमआयटीला गेले, पुढे सॉफ्टवेअरमध्ये कंपनी उभी केली. टिबको हे त्या कंपनीचं नाव. शेअर बाजारातली माहिती क्षणात पोचवणं हे त्यांचं मूळ काम. थोडक्यात, धंदा न कळणारा माणूस नाही. शून्यातून उभा राहिलेला उद्योजक.

२०१३ साली त्यांनी सॅक्रॅमेंटो किंग्ज हा एनबीएमधला संघ भागीदारांसोबत विकत घेतला. तेव्हा संघाची किंमत धरली होती ५३ कोटी ४० लाख डॉलर. एनबीए म्हणजे बास्केटबॉलमधलं आयपीएल समजा, फक्त वयाने खूप मोठं. ३० संघ, आणि प्रत्येक संघ एका सीझनला ८२ सामने खेळतो. वरचे संघ पुढच्या फेरीत जातात, त्याला प्लेऑफ म्हणतात. भारतीय वंशाचा माणूस एनबीए संघाचा प्रमुख मालक होण्याची ही पहिलीच वेळ होती. अभिमान वाटावा अशीच गोष्ट.

पण संघ? २००६ नंतर तो एकदाही प्लेऑफला गेला नव्हता. रणदिवे आल्यावर पहिल्या वर्षी २८ जिंकले, ५४ हरले. दुसऱ्या वर्षी २९ जिंकले, ५३ हरले. मग ३३, ३२, २७. प्लेऑफ न गाठण्याची ही माळ २०२२ पर्यंत चालली, सलग १६ सीझन. एनबीएच्या इतिहासात एवढी लांब माळ दुसऱ्या कुठल्या संघाच्या नावावर नाही.

२०१९ च्या ऑक्टोबरमध्ये रणदिवे हा संघ आपल्या गावी घेऊन आले. वरळीच्या एनएससीआय डोममध्ये इंडियाना पेसर्सबरोबर दोन सराव सामने झाले. भारतात एनबीएचे सामने पहिल्यांदाच होत होते. घरचा मालक, घरचं मैदान, पाहुणे-मंडळी जमलेली. किंग्ज दोन्ही सामने हरले. पहिला तर जादा वेळेत, एका गुणाने: १३२–१३१.

मला हसू येत नाही हो. आपण नवीन दुकानाच्या पूजेला सगळ्या सोसायटीला बोलावतो आणि नेमकी त्याच दिवशी लाइट जाते, तशी ती गत.

२०१४ चा तो डिसेंबर

आता मुद्द्याचं. १६ वर्षांतलं एकच वर्ष घेऊ, २०१४-१५ चं.

संघ विकत घेतल्यावर रणदिव्यांनी कोच म्हणून माइक मलोन यांना आणलं होतं. दुसऱ्या सीझनची सुरुवात झकास झाली. पहिल्या सहापैकी पाच सामने जिंकले! इतक्या वर्षांनी गावात उत्साह. संघाचा सगळ्यात जबरदस्त खेळाडू होता डीमार्कस कझिन्स. तो खेळलेल्या १५ सामन्यांत ९ जिंकले, ६ हरले. चांगला हिशोब आहे हा.

आणि मग कझिन्स आजारी पडला. साधा ताप नाही, व्हायरल मेनिंजायटिस, म्हणजे मेंदूच्या आवरणाला सूज. त्याच्याशिवाय संघ नऊ सामने खेळला. दोन जिंकले, सात हरले.

एकूण झाले ११ विजय आणि १३ पराभव. डिसेंबरच्या मध्यावर कोच मलोन यांना काढून टाकलं.

पुन्हा एकदा वाचा. मुख्य खेळाडू अंथरुणावर, म्हणून संघ हरतोय. आणि काढलं कोणाला? कोचला.

मालकाची बाजूही सांगायला हवी. संघाने जास्त वेगाने खेळावं असं वरच्या मंडळींना वाटत होतं आणि मलोन यांची पद्धत वेगळी होती, असं तेव्हा लिहून आलं होतं. असेलही. मतभेद असू शकतात. पण जिंकत असताना खुपत नसलेला मतभेद हरायला लागल्यावर अचानक खुपायला लागतो, हे आपणही पाहिलंय ना? गल्ला भरलेला असतो तेव्हा पोऱ्याचं उशिरा येणं "होतं कधीकधी" असतं. गल्ला रिकामा झाला की तेच "शिस्तच नाही" होतं.

पुढे काय झालं? दुसरे कोच आले टाय कॉर्बिन. २८ सामन्यांत ७ विजय, २१ पराभव. त्यांनाही बदललं. फेब्रुवारीत तिसरे आले, जॉर्ज कार्ल. अनुभवी, मोठं नाव. ३० सामन्यांत ११ विजय. एका सीझनमध्ये तीन कोच! खेळाडूंनी एका वर्षात तीन वेळा नव्याने शिकायचं. शेवटी बेरीज तीच, २९ विजय. आदल्या वर्षीपेक्षा एक जास्त.

आणि मलोन? त्यांना डेन्व्हरने घेतलं. तिथे पहिली तीन वर्षं संघ प्लेऑफला गेला नाही. तीन वर्षं! पण पहिल्या वर्षी ३३ विजय, दुसऱ्या वर्षी ४०, तिसऱ्या वर्षी ४६. डेन्व्हरच्या मालकांनी प्लेऑफचा बोर्ड बघितला नाही, हा चढता आकडा बघितला आणि थांबले. २०२३ साली डेन्व्हरने एनबीएचं विजेतेपद मिळवलं, त्या संघाच्या इतिहासातलं पहिलं. कोच तोच, किंग्जने काढलेला.

पुढे २०२५ मध्ये डेन्व्हरनेही त्यांना काढलं, हेही खरं. म्हणजे कोणी कायमचा नसतो. पण दहा वर्षं आणि एक कप मिळाल्यावर काढणं वेगळं, आणि खेळाडू आजारी असताना २४ सामन्यांत काढणं वेगळं.

आता माझी गोष्ट

दुसऱ्याच्या चुका सांगणं सोपं असतं. आता स्वतःची सांगतो.

ट्रेनिंगच्या कामाला लागण्याआधी मी वर्तकनगरात पोळी-भाजी केंद्र चालवायचो. म्हाडाच्या जुन्या बिल्डिंगांच्या मध्ये एक छोटा गाळा, भाड्याचा. काउंटरवर पोळ्या, दोन भाज्या, आमटी-भात. पण खरा आधार होता महिन्याच्या डब्यांचा. ४२ डबे, महिन्याला १,८०० रुपये. म्हणजे ७५,६०० रुपये नक्की येणार. भाडं, पगार, कमर्शियल सिलेंडर, सगळं त्यातून सुटायचं.

स्वयंपाकाला एक मावशी होत्या, लोकमान्यनगरातून यायच्या. सकाळी सहाला हजर. हाताला चव. साधी मटकीची उसळ करायच्या तर लोक भाजी वाढवून मागायचे.

मग एका वर्षी मे महिन्यात डबे कमी झाले. म्हटलं, ठीक आहे, मे महिन्यात निम्मं वर्तकनगर कोकणात गावाला जातं. जूनमध्ये येतील परत. जून आला, शाळा सुरू झाल्या, डबे आले नाहीत. ४२ चे २५ झाले. म्हणजे महिन्याला ३०,६०० रुपयांची खोट. रात्री झोप लागेना.

त्याच आठवड्यात एका गिऱ्हाइकाने सांगितलं, "भाजीत तेल फार असतं हो तुमच्या." बस! मला गुन्हेगार सापडला. मावशींशी वाद घातला, महिन्याचा हिशोब केला आणि काढलं. खरं सांगू? त्या दिवशी मला बरं वाटलं. वाटलं, मालक म्हणून आपण काहीतरी ठोस केलं.

दुसऱ्या बाई आल्या. त्यांच्या पोळ्या जाड. तीन आठवड्यांत त्या गेल्या. मग एक महाराज आणला, पगार दीडपट. त्याचा हात मसाल्याला सढळ, घरगुती डब्याला ती चव चालेना. त्यालाही काढलं. चार महिन्यांत स्वयंपाकघरात तीन माणसं. आणि डबे २५ वरून १९ वर.

शेवटी एका रविवारी दुपारी डब्यांची वही काढून बसलो. गेलेल्या पहिल्या १७ नावांपुढे पत्ते लिहिले. दोन तास लागले असतील. १७ पैकी १४ डबे दोनच बिल्डिंगांमधले होते. त्या दोन्ही बिल्डिंगा रिडेव्हलपमेंटसाठी रिकाम्या झाल्या होत्या! माणसं भाड्याने राहायला गेली होती. कोणी कासारवडवलीला, कोणी कळव्याला, कोणी पार डोंबिवलीला. मी रोज त्या बिल्डिंगांसमोरून स्कूटर घेऊन जायचो. खिडक्या काढलेल्या दिसायच्या, पत्रे लागलेले दिसायचे. पण ते चित्र आणि माझी डब्यांची वही यांची गाठ डोक्यात कधी पडलीच नाही.

उरले तीन. एकाची नोकरी बदलली, एकाची आई गावाहून राहायला आली, आणि एकच जण खरोखर तेलामुळे गेला होता. सतरातला एक.

आता हिशोब बघा. रिडेव्हलपमेंटने नेलेले डबे १४. आणि २५ चे १९ झाले ते सहा? ते मी घालवले. चव रोज बदलत होती, म्हणून गेले. ते १४ माझ्या हातात नव्हते. हे सहा शंभर टक्के माझ्या हातात होते.

मावशींना परत बोलवायला गेलो. त्या दुसऱ्या एका केंद्रात लागल्या होत्या. रागावल्या नाहीत, चहा दिला. एवढंच म्हणाल्या, "दादा, विचारायचं होतं. त्या बिल्डिंगी रिकाम्या झाल्या ते मला ठाऊक होतं, माझी बहीण तिथेच कामाला होती." दिवाळीनंतर मी गाळा सोडला.

माहिती माझ्याच स्वयंपाकघरात होती. मी विचारलं नाही, कारण मला उत्तर नको होतं, माणूस हवा होता दोष द्यायला.

मग कधी काही बदलायचंच नाही का?

तसं अजिबात म्हणत नाहीये. काही लोक या गोष्टीतून "धीर धरा, सगळं ठीक होईल" असा अर्थ काढतील. नुसता धीर धरून बसणारी दुकानंही बंद पडलेली मी पाहिली आहेत.

किंग्जकडेच परत जाऊ. २०२२ च्या फेब्रुवारीत त्यांनी मोठा बदल केला. टायरिस हॅलिबर्टन हा आपला लाडका तरुण खेळाडू इंडियानाला दिला आणि डोमांटास सबोनिस हा उंचपुरा खेळाडू आणला. लोकांनी भरपूर बोलून घेतलं. पण त्यामागे एक नेमका विचार होता. हॅलिबर्टन आणि डीआरॉन फॉक्स दोघेही खेळ चालवणारे, दोघांना एकच जागा हवी. आत बास्केटजवळ खेळून सगळ्यांना पास देणारा माणूस मात्र नव्हता. एका दुकानात दोन काउंटर सांभाळणारे आणि माल भरणारा कोणी नाही, असं झालं होतं ते.

मे महिन्यात नवे कोच आले, माइक ब्राउन. २०२२-२३ चा सीझन सुरू झाला आणि पहिले चारही सामने हरले. चारपैकी शून्य! आठ वर्षांपूर्वीचा अनुभव असता तर कोणाची तरी नोकरी गेली असती. यावेळी कोणाला काढलं नाही. पुढच्याच महिन्यात सलग सात सामने जिंकले. सीझनअखेर ४८ विजय, ३४ पराभव. पश्चिम विभागात तिसरा नंबर. १६ वर्षांनी प्लेऑफ. ब्राउन यांना त्या वर्षीचा सर्वोत्तम कोच म्हणून निवडलं, तेही एकमताने.

त्या वर्षी त्यांनी एक छान पद्धत सुरू केली. जिंकलं की स्टेडियमच्या छतावरून आकाशात जांभळा लेझरचा झोत सोडायचा. सगळ्या गावाला दिसायचं, आज आपण जिंकलो. इतकी वर्षं हरलेल्या गावाला एका विजयाची केवढी किंमत असते, ते त्यावरून कळतं. तुमच्या दुकानातही चांगल्या दिवसाची काहीतरी खूण ठेवा. स्टाफला आइस्क्रीम द्या. खर्च शंभर-दोनशे रुपये.

आपल्याकडचं उदाहरण हवंय? मुंबई इंडियन्स बघा. २०२२ ला पहिले आठ सामने सलग हरले, १४ पैकी चारच जिंकले, तळाला गेले. पण लिलावात जोफ्रा आर्चरवर आठ कोटी लावले तेव्हाच ठाऊक होतं की दुखापतीमुळे तो त्या वर्षी खेळणार नाही. काही खड्डा आधीच माहीत असलेला होता. रोहित शर्माच कॅप्टन राहिला आणि २०२३ ला संघ प्लेऑफला गेला. २०२४ ला कॅप्टन बदलला, पुन्हा १४ पैकी चार, पुन्हा तळ. मग त्याच नव्या कॅप्टनला, हार्दिक पंड्याला, पुढच्या वर्षी ठेवलं आणि २०२५ ला पुन्हा प्लेऑफ. आधी रोहितला आणि मग हार्दिकला, दोघांनाही वाईट वर्षानंतर आणखी एक वर्ष मिळालं.

म्हणजे बदल करा, पण कारण सापडल्यावर करा. राग आला म्हणून नको, भीती वाटली म्हणून नको, बायको-सासरा-शेजारी विचारतायत म्हणून तर मुळीच नको.

एक मोठा फरक, जो विसरलात तर फसाल

आता एक गोष्ट स्पष्ट बोलतो. मोटिव्हेशनवाले ही सांगत नाहीत.

एनबीएचा संघ कितीही हरला तरी रस्त्यावर येत नाही. टीव्हीच्या हक्कांचे पैसे सगळ्या संघांत वाटले जातात. वर हरणाऱ्या संघाला नवीन खेळाडू निवडताना चांगला नंबर लागण्याची संधी जास्त. म्हणजे हरल्याचंही बक्षीस! किंग्ज दहा वर्षं हरत होते आणि तरी संघाची किंमत वाढतच होती.

तुमचं तसं नाही. तुम्ही हरलात तर गाळ्याचा मालक भाडं सोडत नाही. वाणी उधारी थांबवतो. हप्ता चुकला की बँकेचा फोन येतो. त्यामुळे "सोळा वर्षं हरून पण टिकले, आपण पण टिकू" असं कृपा करून म्हणू नका.

म्हणूनच हरण्याची मर्यादा आधी ठरवायची असते. चला, आकडा मांडू.

समजा भाडं १८,०००, एका माणसाचा पगार १४,०००, लाइट-फोन-किरकोळ ४,०००. महिन्याचा बांधील खर्च झाला ३६,०००. शंभर रुपयांच्या विक्रीत मालाचे पैसे जाऊन तुमच्या हातात ३० उरतात असं धरा. मग ना नफा ना तोटा व्हायला महिन्याला १,२०,००० ची विक्री हवी. रोजची ४,०००.

आता विक्री ९०,००० वर आली. हातात उरले २७,०००. तोटा ९,०००. बँकेत राखीव ५४,००० आहेत. तुम्ही म्हणाल, सहा महिने निघतील. इथेच सगळे चुकतात. घर कशावर चालतंय? घरासाठी महिन्याला २०,००० याच गल्ल्यातून काढत असाल तर खरा खड्डा ९,००० चा नाही, २९,००० चा आहे. आणि ५४,००० दोन महिनेसुद्धा पुरत नाहीत!

हा आकडा ज्याला माहीत आहे तो शांतपणे विचार करतो, कारण त्याला कळतं की आपल्याकडे नक्की किती सामने उरलेत. ज्याला माहीत नाही तो घाबरतो, आणि घाबरलेला मालक पहिल्यांदा माणूस काढतो.

माणूस बदलण्याआधी हे चार प्रश्न

वही घ्या. मोबाइलमध्ये नको, कागदावर लिहा.

१. कोण गैरहजर आहे? किंग्जचा कझिन्स आजारी होता. माझ्या दोन बिल्डिंगा रिकाम्या होत्या. तुमच्याकडे नेहमी येणारं कोण यायचं बंद झालंय? दहा नावं लिहा. पाच जणांना फोन करा. "माल घ्या" म्हणून नको, "बरेच दिवस दिसला नाहीत" म्हणून. खरं कारण पाच फोनमध्ये कळतं.

२. नेमकं कुठे पडलंय? "धंदा बसला" हे उत्तर नाही. कुठल्या वस्तूचा, कुठल्या वेळेचा, कुठल्या भागातल्या गिऱ्हाइकांचा? सकाळचा गल्ला आणि संध्याकाळचा गल्ला वेगळा लिहा. पंधरा दिवसांत चित्र दिसतं.

३. शेजाऱ्याचंही पडलंय का? रस्ता खणलाय, मेट्रोचं काम चाललंय, श्रावण लागलाय म्हणून चिकनवाला रिकामा बसलाय, तर ते हवामान आहे. हवामानाला कोच बदलून उपयोग नाही. पण शेजाऱ्याचं चाललंय आणि फक्त तुमचंच पडलंय, तर दोष आपल्या घरात आहे. मग मात्र तो शोधायला लाजू नका.

४. गेल्या तीन महिन्यांत मी स्वतः काय बदललं? भाव वाढवला? वेळ बदलली? स्वतः काउंटरवर बसणं सोडलं? हा प्रश्न सगळ्यात कडू आहे, म्हणून शेवटी ठेवलाय. स्टाफला विचारायचं धाडस असेल तर त्यांनाच विचारा. माझ्या मावशींना उत्तर माहीत होतं.

या चारही प्रश्नांची उत्तरं लिहूनही बोट माणसाकडेच जात असेल, तर त्या माणसाशी बसून बोला, एक मुदत द्या, आणि तरीही जमलं नाही तर सन्मानाने निरोप द्या. त्याची चूक नसताना त्याला काढलंत तर उरलेल्या स्टाफला ते कळतं. मग तेही दुसरीकडे नोकरी बघायला लागतात.

शहाणपण टिकत नाही, रोज मिळवावं लागतं

वाटेल की किंग्जची गोष्ट २०२३ ला सुखाने संपली. नाही. पुढच्या वर्षी ४६ जिंकले, फक्त दोन कमी, आणि तरी प्लेऑफ हुकला. कारण बाकीचे संघ पुढे गेले होते. तुम्ही तेवढेच चांगले राहिलात तरी बाजार थांबत नाही, हा त्यातला धडा. मग डिसेंबर २०२४. संघ सलग पाच सामने हरला, १३ विजय आणि १८ पराभव झाले. आणि सर्वोत्तम कोच ठरलेल्या माइक ब्राउन यांना काढून टाकलं. मलोन यांना काढलं त्याला बरोबर दहा वर्षं झाली होती, महिनाही तोच, डिसेंबर. सीझन संपला तेव्हा ४० विजय, ४२ पराभव. प्लेऑफ नाही.

मी रणदिव्यांना नावं ठेवत नाहीये. एवढा शिकलेला, एवढं उभं केलेला माणूस, सोबत सल्लागारांची फौज, आणि तरी हरण्याच्या दिवसांत हात त्याच बटणावर जातो. मग आपली काय कथा! म्हणूनच हे प्रश्न चांगल्या दिवसांत लिहून गल्ल्याच्या झाकणाला आतून चिकटवून ठेवायचे. वाईट दिवसांत डोकं चालत नाही, तेव्हा कागद कामाला येतो.

त्या मोबाइलवाल्या दादांचं काय झालं, ते सांगून थांबतो. मी त्यांना एवढंच म्हटलं, "सोमवारच्या ऐवजी पुढच्या सोमवारी काढा. मधल्या आठवड्यात बिलबुकं घेऊन बसा. रिपेअरिंग वेगळं, कव्हर-ग्लास-चार्जर वेगळं लिहा."

शनिवारी फोन आला. रिपेअरिंगची बिलं गेल्या वर्षीइतकीच निघाली, उलट दोन-चार जास्त. पडलं होतं ते कव्हर आणि चार्जर. लोक ते आता ऑनलाइन मागवतात. म्हणजे ज्या पोराला ते काढणार होते, तोच दुकान ओढत होता.

"मग आता काय करू?" त्यांनी विचारलं. खरं सांगतो, सोपं उत्तर माझ्याकडे नव्हतं. कव्हरचं गिऱ्हाईक बहुतेक परत येणार नाही. अर्धा गाळा त्या मालाने भरलाय, त्यात पैसे अडकलेत. तो माल कमी भावात काढायचा, जागा कमी करायची की रिपेअरिंगमध्ये आणखी काही शिकायचं, यावर आम्ही पुढच्या आठवड्यात बसणार आहोत. प्रश्न अवघड आहे. पण निदान आता प्रश्न खरा आहे.

तुमचा गृहपाठ: आज रात्री दुकान बंद केल्यावर बांधील खर्च, घरखर्च आणि राखीव रक्कम हे तीन आकडे लिहा आणि आपल्याकडे किती महिने आहेत ते काढा. मग वरचे चार प्रश्न. आणि उद्या सकाळी तुमच्याकडे काम करणाऱ्या माणसाला, काढायच्या आधी, एकदा विचारा: "तुला काय वाटतं, गिऱ्हाईक का कमी झालं असेल?"

उत्तर काय मिळालं ते मला नक्की कळवा. भेटू पुढच्या व्हिडिओत!